खाच, कॅसेट आणि कुलूप

सापशिडीचा पट आणि पत्त्यांचा कॅट ही दोन्ही साधने आपल्या विद्यार्थ्यांच्या चांगल्या परिचयाची आहेत. सापशिडीच्या पटावर साप कोठे आणि शिडी कोठे हे छापूनच आलेले असते. त्या पटावर एकच खेळ खेळता येतो. पत्त्यांचे तसे नाही. त्याच बावन्न पानांनी मुले बदाम सात खेळतात, मोठी माणसे रमी किंवा मेंढीकोट खेळतात. पाने तीच राहतात, नियम तेवढे बदलतात, आणि नवा खेळ शिकण्यासाठी नवा कॅट विकत आणावा लागत नाही.

दूरदर्शन संचाला जोडून खेळायच्या इलेक्ट्रॉनिक खेळांचा इतिहास म्हणजे सापशिडीकडून पत्त्यांकडे झालेला प्रवास आहे. पण या प्रवासात एक प्रश्न पुन्हा पुन्हा उभा राहिला. यंत्र घरात आणल्यावर त्यात नवा खेळ कोणी घालायचा? यंत्र बनवणाऱ्याने, दुसऱ्या कोणी, की ज्याने ते विकत घेतले त्याने? हा प्रश्न खेळण्यापुरता दिसतो, परंतु संगणक आणि खेळणे यांत नेमका फरक काय, याचे उत्तर त्यातच आहे.

तारांत जडवलेला खेळ

घरी खेळायचे पहिले असे यंत्र १९७२ साली अमेरिकेत विक्रीस आले. त्याचे नाव ‘ओडिसी’ आणि त्याचे जनक राल्फ बेअर. त्यात मायक्रोप्रोसेसर नव्हता. पडद्यावर दिसत ते काही प्रकाशाचे ठिपके आणि एक रेषा. मैदान किंवा जाळे दाखवण्यासाठी पडद्यावर पारदर्शक प्लास्टिकचे चित्र चिकटवावे लागे, आणि गुण खेळणाऱ्यानेच मोजायचे. या यंत्राबरोबर वेगवेगळी कार्डे मिळत. कार्ड खाचेत बसवले की आतल्या काही तारा एकमेकींना जोडल्या जात आणि ठिपक्यांचे वागणे बदले. म्हणजे कार्डात खेळ साठवलेला नसे. खेळ यंत्रातच असे, आणि कार्ड फक्त कोणता मार्ग सुरू करायचा ते ठरवी.

१९७६ साली जनरल इन्स्ट्रुमेंट कंपनीने एकाच चिपवर सहा खेळ कोरून दिले. चेंडू आणि फळी यांचे टेनिस व स्क्वॉश यांसारखे खेळ आणि नेमबाजीचे दोन प्रकार त्यात होते. ही चिप वापरून जगभर शेकडो प्रकारची स्वस्त यंत्रे निघाली. पण सहाचे सात खेळ करणे कोणालाही शक्य नव्हते. सापशिडीचा पट जरा मोठा झाला एवढेच.

त्याच वर्षी नोव्हेंबरात फेअरचाइल्ड कंपनीचे ‘चॅनल एफ’ हे यंत्र बाजारात आले आणि चित्र पालटले. त्यात मायक्रोप्रोसेसर होता. खेळाची आज्ञावली यंत्राबाहेर, एका स्वतंत्र डबीतल्या कायमस्वरूपी स्मृतीत साठवलेली होती. डबी खाचेत घातली की मायक्रोप्रोसेसर तिच्यातील आज्ञा एकामागून एक वाचत असे. या यंत्राच्या अभियांत्रिकीचे नेतृत्व जेरी लॉसन या कृष्णवर्णीय अभियंत्याने केले होते. ही डबी म्हणजेच पुढे आपल्याकडची मुले जिला ‘कॅसेट’ म्हणू लागली ती वस्तू. तिच्यात फीत नसते, गाण्याच्या कॅसेटशी तिचा संबंध फक्त आकारापुरता. तरीही नाव रूढ झाले ते झाले.

पंधरा तारांचे गणित

१५ जुलै १९८३ रोजी जपानमध्ये निंतेंदो कंपनीने ‘फॅमिकॉम’ हे यंत्र विक्रीस आणले. मासायुकी उएमुरा यांच्या चमूने त्याची रचना केली होती. त्याचे मुख्य अंग म्हणजे १९७५ साली अमेरिकेत निघालेल्या ६५०२ या मायक्रोप्रोसेसरवर आधारलेली चिप. ६५०२ मध्ये सुमारे साडेतीन हजार ट्रान्झिस्टर होते आणि निघाला तेव्हा त्याची किंमत केवळ २५ डॉलर होती. फॅमिकॉमची कामाची स्मृती अवघी २ किलोबाइट होती. म्हणून खेळाचा जवळजवळ सगळा मजकूर कॅसेटमध्येच असावा लागे.

येथे वर्गात सोडवण्याजोगे एक गणित आहे. कॅसेटमधील आज्ञा वाचण्यासाठी यंत्र पंधरा तारांवरून खणाचा क्रमांक पाठवते. प्रत्येक तारेच्या दोनच अवस्था, चालू किंवा बंद. म्हणजे पंधरा तारांनी २ चा १५ वा घात, म्हणजे ३२,७६८ वेगवेगळे क्रमांक तयार होतात. एका खणात एक बाइट, म्हणजे एकूण ३२ किलोबाइट. याखेरीज चित्रांसाठी वेगळे ८ किलोबाइट. १९८५ चा प्रसिद्ध ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ हा खेळ नेमक्या ह्या ४० किलोबाइटांत बसवलेला आहे.

मग यापेक्षा मोठा खेळ कसा घालायचा? यंत्राच्या तारा तर वाढवता येत नाहीत. यावर काढलेली युक्ती वाचनालयाच्या टेबलासारखी आहे. टेबलावर एका वेळी दहाच पुस्तके मावतात, पण मागे कपाटात हजार असू शकतात. गरजेनुसार ग्रंथपालाने टेबलावरचा गठ्ठा बदलायचा एवढेच. कॅसेटमध्ये अशीच एक जादा चिप बसवली गेली. आज्ञावली तिला सांगते, ‘आता तिसरा गठ्ठा पुढे आण’, आणि तेच क्रमांक आता वेगळ्या मजकुराकडे निर्देश करू लागतात. या युक्तीमुळे १९८८ चा ‘सुपर मारिओ ब्रदर्स ३’ हा खेळ ३८४ किलोबाइटांचा होऊ शकला. आणि याच युक्तीमुळे एका कॅसेटमध्ये अनेक खेळ घालण्याची वाटही मोकळी झाली. आधी यादी दाखवायची, खेळणाऱ्याने निवड केली की त्या खेळाचा गठ्ठा पुढे आणायचा आणि यंत्र तेथून सुरू करायचे.

मराठवाड्याच्या घरांपर्यंत

१९८५ साली निंतेंदोने अमेरिकेसाठी काढलेल्या यंत्रात एक कुलूप बसवले. यंत्रात एक चिप आणि कॅसेटमध्ये तिची जोडीदार. दोघींची खूण पटली नाही तर खेळ सुरूच होत नसे. त्यामुळे कोणत्या कॅसेट निघाव्यात यावर कंपनीचे नियंत्रण राहिले. जपानी फॅमिकॉममध्ये मात्र असे कुलूप नव्हते. साहजिकच तैवान आणि चीनमधील कारखान्यांनी नकलेसाठी हेच यंत्र निवडले. तैवानी कारखान्यांनी त्याच्या चिपांच्या प्रतिकृती केल्या, आणि पुढे तर सगळे यंत्र एकाच चिपवर आणले. एका कुलपाच्या अभावाने अर्ध्या जगाचे बालपण कसे ठरवले, याचे हे उदाहरण आहे.

भारतात १९९० च्या दशकात याच घराण्यातली यंत्रे आली. ‘मीडिया’ कंपनीचे ‘लिटल मास्टर’, ‘समुराई’ ही नावे त्या पिढीच्या लक्षात आहेत. नंतर आलेल्या बिननावाच्या चिनी यंत्रांना तर गणतीच नव्हती. तुळजापूर, उमरगा, कळंब, परंडा, कोठल्याही गावच्या शिक्षकखोलीत चाळिशीच्या आसपासच्या सहकाऱ्यांना विचारून पाहावे. कॅसेट चालेनाशी झाली की तिच्यात फुंकर मारायची, हा उपाय बहुतेकांना आठवेल. खरे तर फुंकरीतल्या ओलाव्याने धातूचे संपर्क बिंदू गंजण्याचीच शक्यता जास्त. काढून पुन्हा बसवल्यामुळे संपर्क सुधारे आणि श्रेय फुंकरीला मिळे. कार्यकारणभावाची चूक कशी होते हे शिकवायला याहून सोपे उदाहरण नाही.

या कॅसेटवर आकडे छापलेले असत. एका कॅसेटमध्ये ९९,९९,९९९ खेळ! आता वरचे गणित वापरू. एक खेळ लहानातला लहान, म्हणजे २४ किलोबाइटांचा धरला, तरी एवढ्या खेळांना सुमारे २२९ गिगाबाइट स्मृती लागेल. त्या काळी घरच्या संगणकांतही एवढी स्मृती नसे, मग शंभर-दोनशे रुपयांच्या डबीत ती कोठून यावी? कॅसेट उघडली तर आत एक लहान पट्टी आणि तिच्यावर काळ्या लाखेसारख्या पदार्थाचा एक थेंब दिसे. त्या थेंबाखाली चिप. तिच्यात खरे खेळ मोजकेच असत, आणि यादीत तेच पुन्हा पुन्हा येत. कधी दुसऱ्या पातळीपासून सुरू होणारा, कधी जास्त जीव दिलेला, कधी नुसते नाव बदललेला.

अशी यादी करणे किती सोपे आहे ते पाहा. समजा कॅसेटमध्ये ७ खेळ आहेत. खेळणाऱ्याने १,००० वा खेळ निवडला. १,००० ला ७ ने भागले की बाकी ६ उरते, म्हणून सहावा खेळ सुरू करायचा. या रीतीने सात खेळांची यादी हवी तेवढी लांबवता येते. भागाकारातील बाकीचा असा उपयोग पाचवीच्या मुलालाही पटेल.

तीच चिप, शाळेत आणि खेळण्यात

दूरदर्शन संच शिकण्यासाठी वापरावा ही कल्पना आपल्या भागाला नवी नाही. १९७५-७६ साली ‘साइट’ या उपग्रह प्रयोगात देशातील सुमारे २,४०० खेड्यांत शैक्षणिक कार्यक्रम दाखवले गेले. उमरग्याच्या सीमेला लागून असलेला, तेव्हाचा गुलबर्गा जिल्हा त्या प्रयोगात होता. पण तो संच फक्त दाखवत असे. प्रेक्षकाचे उत्तर त्याला ऐकू येत नसे.

१९८४-८५ साली केंद्र सरकारने शाळांसाठी ‘क्लास’ ही संगणक साक्षरता योजना सुरू केली. आरंभी २५० शाळांना ‘बीबीसी मायक्रो’ हे ब्रिटिश संगणक देण्यात आले. या संगणकाचे हृदय कोणते? तोच ६५०२ मायक्रोप्रोसेसर. शाळेत शिक्षणाचे साधन म्हणून आलेला संगणक आणि काही वर्षांनी घरात खेळणे म्हणून आलेले यंत्र ही एकाच कुळातली भावंडे होती. फरक एवढाच की बीबीसी मायक्रोवर विद्यार्थी स्वतःची आज्ञावली लिहून ती साठवू शकत असे, आणि घरच्या यंत्रात फक्त दुसऱ्याने भरलेली कॅसेट घालता येई. संगणक आणि खेळणे यांतला फरक चिपमध्ये नव्हता. आत काय घालायचे हे कोणाच्या हाती आहे, यात तो होता.

पुढे कळफलक जोडलेली यंत्रेही निघाली. पालकांना ती ‘कॉम्प्युटर’ म्हणून विकली जात. त्यांतल्या काहींत बेसिक ही भाषासुद्धा होती. पण दोन किलोबाइट स्मृतीत लिहिणार किती? आणि बहुतेक यंत्रांत लिहिलेले जपून ठेवण्याची सोय नव्हती. बटन बंद केले की सगळे पुसले जाई.

२००८ च्या सुमारास डेरेक लोमास आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नेमक्या याच यंत्रांकडे शिक्षणाच्या दृष्टीने पाहिले. भारतीय बाजारात दहा-बारा डॉलरना मिळणारे, घरच्या दूरदर्शन संचाला जोडता येणारे हे यंत्र म्हणजे गरीब घरातला पहिला संगणक होऊ शकेल असे त्यांना वाटले. मूळ यंत्राच्या मुख्य पेटंटांची मुदतही तोवर संपली होती. ‘प्लेपॉवर’ या नावाने त्यांनी टंकलेखन, प्रश्नमंजूषा असे शैक्षणिक खेळ या यंत्रासाठी लिहिण्याचे काम सुरू केले, आणि २००९ साली मॅकआर्थर प्रतिष्ठानच्या स्पर्धेत त्याला पारितोषिक मिळाले. स्वस्त मोबाइल फोन वेगाने पसरले आणि या यंत्रांचा काळ सरला. तरी दुसऱ्याचा खेळ पुन्हा भरण्याऐवजी स्वतःचा खेळ लिहून घालावा, ही दिशा या मंडळींनी दाखवली.

असा खेळ मराठीत करायचा झाला तर काय अडेल, हे पाहणे उद्बोधक आहे. हे यंत्र पडद्यावर आठ गुणिले आठ ठिपक्यांच्या फरश्या मांडून चित्र उभे करते, आणि पार्श्वभूमीसाठी एका वेळी अशा २५६ फरश्या मिळतात. इंग्रजी अक्षर एका फरशीत बसते. आपल्या अक्षराला वर वेलांटी, खाली उकार. ते नीट दिसण्यासाठी चार फरश्या लागतात. म्हणजे अक्षरचित्रे फार तर ६४. आणि बाराखडी? क ते ज्ञ ही ३६ व्यंजने गुणिले १२, म्हणजे ४३२. प्रत्येकाचे स्वतंत्र चित्र ठेवणे अशक्य. काना, मात्रा, वेलांट्या वेगळ्या ठेवून जुळणी करावी लागेल. छापखान्यात खिळे जुळवणाऱ्यांनी हाच प्रश्न शतकभर आधी हाताळला होता.

खाच नाहीशी झाली

नोव्हेंबर २०१६ मध्ये निंतेंदोने आपल्या जुन्या यंत्राची तळहातावर मावेल अशी छोटी आवृत्ती काढली. रूप हुबेहूब जुने, पण कॅसेटची खाच फक्त शोभेची. आत तीस खेळ भरलेले होते, आणि एकतिसावा घालण्याची सोय नव्हती. चाळीस वर्षांनी सापशिडीचा पट परत आला.

गंमत अशी की हे छोटे यंत्र आतून पूर्ण संगणक होते. त्यात ऑलविनर कंपनीचा आधुनिक प्रोसेसर, २५६ मेगाबाइट कामाची स्मृती, ५१२ मेगाबाइट कायमस्वरूपी साठवण आणि लिनक्स ही मुक्त संगणकप्रणाली होती. जुना खेळ त्यावर चालतो तो एम्युलेटर नावाच्या आज्ञावलीमुळे. एम्युलेटर म्हणजे बहुरूपी. आपला बहुरूपी जसा पोलिसाचे सोंग हुबेहूब वठवतो, तसे ही आज्ञावली जुन्या यंत्राचे सोंग घेते. खेळाची प्रत्येक आज्ञा वाचून ‘६५०२ ने येथे काय केले असते’ ते करून दाखवते. एक यंत्र दुसऱ्या कोणत्याही यंत्राचे सोंग घेऊ शकते, हा सिद्धांत अ‍ॅलन ट्युरिंग यांनी १९३६ सालीच मांडला होता.

आता पुन्हा भागाकार. ५१२ मेगाबाइटांत ४० किलोबाइटांचे खेळ किती? १३,१०७. प्रणालीने काही जागा घेतली तरी शेकडो खेळ सहज मावतील. हे गणित अनेकांनी केले असणार. जानेवारी २०१७ मध्ये, म्हणजे यंत्र आल्यावर दोनच महिन्यांत, अलेक्सेई अवद्युखिन या रशियन प्रोग्रामरने ‘हाकची २’ ही आज्ञावली प्रसिद्ध केली. या प्रोसेसरला त्याच्या निर्मात्याने दुरुस्तीसाठी एक मागचे दार ठेवलेले असते. यंत्र विशिष्ट रीतीने सुरू केले की ते नेहमीचे काम न करता बाहेरच्या संगणकाच्या आज्ञेची वाट पाहते. वीज घेण्यासाठी दिलेल्या यूएसबी खाचेतूनच संगणक जोडायचा, आतली प्रणाली वाचून तिची प्रत जपून ठेवायची, तिच्यात थोडा बदल करायचा आणि परत लिहायची. मग नवे खेळ आत पाठवता येतात. मूळ प्रत जपली नाही आणि मध्येच वीज गेली, तर यंत्र निकामी होऊ शकते. कंपनीने खाच बुजवली होती, पण विजेची खाच बुजवणे तिला शक्य नव्हते.

जे शक्य ते योग्य काय?

वर्गात हा विषय निघाला की कोणीतरी विचारणारच, ‘सर, हे चोरी नाही का?’ प्रश्न टाळू नये.

आपल्या स्वामित्वहक्क कायद्यात १९८४ च्या दुरुस्तीने संगणकाच्या आज्ञावलीला साहित्यकृतीचे संरक्षण मिळाले. १९८५ सालच्या खेळावरचा हक्क अजून संपलेला नाही. तो परवानगीशिवाय उतरवून घेणे किंवा वाटणे हा हक्कभंगच, यंत्र जुने असो वा नवे. मात्र त्याच कायद्याचे कलम ५२ सांगते की रीतसर घेतलेल्या आज्ञावलीची सुरक्षिततेसाठी प्रत ठेवणे, तसेच तिच्यामागची तत्त्वे समजावीत म्हणून तिचे निरीक्षण व अभ्यास करणे, हा हक्कभंग नव्हे. २०१२ साली आलेले कलम ६५क हक्कभंगाच्या हेतूने कुलूप तोडण्याला शिक्षा सांगते. म्हणजे कायदासुद्धा हेतूकडे पाहतो. कुलूप कसे चालते हे समजून घेणे वेगळे आणि त्यातून दुसऱ्याचा माल नेणे वेगळे.

आणि तिसरी वाट आहेच. आपण स्वतः लिहिलेला, किंवा लेखकाने मुक्तपणे वाटलेला खेळ घालणे. या जुन्या यंत्रासाठी आजही नवे खेळ लिहिले जातात. २०१९ साली आलेला ‘मायक्रो मेजेस’ हा खेळ त्याच जुन्या ४० किलोबाइटांच्या मर्यादेत मुद्दाम बसवलेला आहे. मर्यादेत राहून काम करण्याची ही शिस्त शिकण्यासारखी आहे.

वर्गासाठी

या इतिहासातून शिक्षकाने काय घ्यावे? २०२३ साली ज्याचे नाव धाराशिव झाले त्या आपल्या जिल्ह्यात आज मुलाच्या हाती येणारे पहिले यंत्र बहुधा घरातला मोबाइल फोन असते. त्याची शक्ती फॅमिकॉमच्या हजारो पट आहे. पण जुना प्रश्न त्यालाही लागू आहे. त्यात दुसऱ्यांनी बनवलेले खेळ हजारोंनी येतात, मुलाने बनवलेला एक तरी आहे का? नसेल तर एवढा शक्तिमान संगणक त्याच्यापुरता खेळणेच राहिला.

सुरुवात करायला यंत्र लागतही नाही. वर्गाचे गट करावेत आणि प्रत्येक गटाला बदाम सातचा एखादा नियम बदलायला सांगावे. नवा नियम कागदावर इतका स्पष्ट लिहावा, की दुसऱ्या गटाने काहीही न विचारता, फक्त वाचून तो खेळावा. जेथे दुसरा गट अडेल तेथे कागदात चूक आहे. ती शोधून दुरुस्त करायची. तो कागद म्हणजे आज्ञावली, दुसरा गट म्हणजे यंत्र. एवढे झाले की ९९,९९,९९९ चा आकडा फळ्यावर लिहावा आणि डबीत नेमके काय होते ते मुलांनाच शोधू द्यावे.